तपासाचे गद्य आणि त्याची पाठचिकित्सा

मराठी गद्याचा इतिहास सांगताना आपण लीळाचरित्रापासून प्रारंभ करतो, बखरींतून वाट काढीत निबंधमालेपाशी येतो आणि तेथून कथा-कादंबरीच्या राजरस्त्याला लागतो. ह्या प्रवासात एक गद्यप्रकार डोळ्यांसमोर असूनही आपल्याला दिसत नाही. तो प्रत्येक तालुक्याच्या ठिकाणी रोज लिहिला जातो. त्याखाली लिहिणाराची सही असते, पण लेखक म्हणून त्याला कोणी ओळखत नाही. त्याला वाचक थोडे. आणि तरीही त्यातील एका वाक्यावर एखाद्या माणसाचे सारे आयुष्य अडकून राहू शकते. फिर्याद, पंचनामा, साक्षीदारांचे जबाब, कबुलीजबाब, दोषारोपपत्र ह्या कागदांना मी येथे 'तपासाचे गद्य' म्हणतो. हे वाङ्मय आहे काय, हा वाद मला घालावयाचा नाही. ते मराठीत लिहिले जाते आणि लिहिलेल्या मजकुराप्रमाणेच खरे किंवा खोटे ठरते, एवढे त्याची समीक्षा करण्यास पुरेसे आहे.

एरवी ह्या गद्यावर कोणाची दृष्टी नसते. घरफोडीचा पंचनामा फौजदार लिहितो, वकील वाचतो, न्यायाधीश निकाल देतो, आणि कागद दप्तरात जातो. दहशतवादी हल्ल्यानंतर मात्र सारे बदलते. एका संध्याकाळी दोनशे माणसे मरतात आणि दुसऱ्या दिवशी सकाळी सबंध शहर एका गोष्टीची वाट पाहू लागते. ही गोष्ट लवकर हवी असते, पूर्ण हवी असते, आणि तिच्यात दुष्टाला चेहरा हवा असतो. तपास करणाऱ्या अधिकाऱ्यावर पडणारा हा दाब नुसता प्रशासकीय नाही. तो कथेचा दाब आहे. कथेचा दाब गद्याचे काय करतो हे ओळखणे हे टीकाकाराचे काम आहे.

प्रथम पंचनाम्याकडे पाहू. त्याचे कूळ जुने आहे. मराठेशाहीत वतनाचा तंटा पडला म्हणजे गोतसभा बसे, दोन्हीकडच्या तकरिरी घेतल्या जात, साक्षी होत, आणि निर्णयाचा महजर तयार होई. त्याखाली हजर असलेल्यांनी आपापली निशाणी करावयाची: पाटलाचा नांगर, कुळकर्ण्याची लेखणी, बलुतेदारांची ज्याची त्याची हत्यारे. त्या निशाण्यांचा अर्थ 'मी येथे होतो आणि हे मी ऐकले' एवढाच आहे. आजचा पंचनामा हे त्या महजराचे इंग्रजी कायद्याच्या घरी वाढलेले अपत्य होय. दोन पंच, समक्ष पाहिलेली जागा, चतुःसीमा, सापडलेल्या वस्तूंची यादी, वेळ सुरू केल्याची व संपल्याची. चांगला पंचनामा विशेषणांचा कडकडीत उपवास करतो. त्यात 'भीषण' हा शब्द नसतो. 'अंदाजे तीन फूट' असतो. ह्या 'अंदाजे' शब्दाविषयी मला आदर वाटतो. आपल्या ज्ञानाची मर्यादा वाक्यातच नोंदवून ठेवणारे दुसरे गद्य आपल्याकडे फार थोडे आहे. कादंबरीकाराला तो शब्द परवडत नाही आणि वक्त्याला तो सुचत नाही.

परंतु ह्याच प्रकारात त्याचा रोगही आहे. साचा ठरलेला असला म्हणजे घटनेच्या आधी वाक्य तयार असते. 'सदर इसमाने स्वखुशीने निवेदन केले की' ह्या शब्दांनंतर काय येणार हे सराईत वाचकाला ठाऊक असते. पंचही जेव्हा सराईत होतात, ठाण्याभोवतीच वावरणारे आणि बोलावताच हजर होणारे असतात, तेव्हा निशाणी उरते आणि 'मी ऐकले' हा तिचा अर्थ निघून जातो.

येथे आपल्या आदिलाबाद जिल्ह्याचा एक अनुभव आठवला पाहिजे, कारण सांगणाऱ्याचे बोलणे आणि लिहिणाऱ्याचा कागद ह्यांतील अंतर ह्या जिल्ह्याइतके क्वचितच कोठे मोठे असेल. १९५६ च्या भाषावार पुनर्रचनेपूर्वी किनवट आणि राजुरा हे तालुके ह्याच जिल्ह्यात होते. गोंडी, कोलामी, मराठी आणि तेलुगू ह्या भाषा येथे एका बाजारात ऐकू येत, आणि निजामाच्या राज्यात कचेरीची भाषा उर्दू होती. डोंगरातल्या गोंडाचे म्हणणे दप्तरात पोचेपर्यंत दोनदा तरी भाषांतरित होई. १९४० साली आसिफाबादेकडील डोंगरात जोडेघाट येथे कुमराम भीम व त्याचे साथीदार पोलिसांच्या गोळीबारात मारले गेले. हा दहशतवादी हल्ला नव्हता. जंगल खात्याच्या जाचाविरुद्ध, जमीन कसण्याच्या हक्कासाठी झालेला तो उठाव होता, आणि त्याला आजच्या मुंबईतील स्फोटांच्या पंक्तीला बसविण्याचा माझा मुळीच हेतू नाही. साम्य एवढेच की हिंसा घडून गेल्यावर राज्याला ती लिहून काढावी लागते.

पोलिसांच्या लेखी बंड मोडले तेथे प्रकरण संपले होते. परंतु हैदराबाद सरकारने नंतर गोंडांच्या स्थितीचा अभ्यास क्रिस्तॉफ फॉन फ्यूरर-हैमेंडॉर्फ ह्या ऑस्ट्रियन मानववंशशास्त्रज्ञाकडे सोपविला. महायुद्धाच्या धामधुमीत शत्रुराष्ट्राचा नागरिक म्हणून त्याला हैदराबाद संस्थानात राहणे भाग पडले होते. हा योगायोग गोंडांच्या पथ्यावर पडला. तो मारलावाई येथे राहिला, गोंडी शिकला, आणि १९४५ साली प्रसिद्ध झालेल्या 'ट्रायबल हैदराबाद' ह्या अहवालसंग्रहात त्याने उठावामागची कारणे मांडली. राखीव जंगलाच्या रेषा, गेलेली शेते, दंड, लाच, आणि दाद न मिळालेली गाऱ्हाणी. 'कोणी केले' ह्या प्रश्नाचे उत्तर सरकारला आधीच मिळाले होते. हैमेंडॉर्फने त्याच्या मागचा प्रश्न विचारला. पुढे ह्याच जिल्ह्यात आदिवासींच्या सेवेचे काम सेतुमाधवराव पगडी ह्यांच्याकडे आले. पगडी इतिहासकार म्हणून महाराष्ट्राला परिचित आहेत. पण त्यांनी गोंडी व कोलामी भाषांची व्याकरणे लिहिली, ही गोष्ट आपले वाङ्मयेतिहासकार एका ओळीत आटोपतात. 'जीवनसेतु' ह्या आत्मचरित्राच्या वाचकाला तरी ती विसरता येऊ नये. ज्याच्याशी आपल्याला कामकाज करावयाचे त्याच्या भाषेचे व्याकरण लिहून काढणारा अधिकारी! ह्या दोघांच्या लेखनातून मला एक कसोटी मिळते, आणि पुढील सर्व विवेचनात मी तीच वापरणार आहे: कागदावर जो बोलतो आहे तो खरोखरच बोलला होता काय? की लिहिणाराच त्याच्या तोंडून बोलतो आहे?

ही कसोटी लावण्याची सवय आपल्या वाचकाला नाही, ह्याला काही अंशी आपली रहस्यकथा कारण आहे. बाबूराव अर्नाळकरांनी हजारावर रहस्यकथा लिहिल्या आणि मराठी माणसाच्या दोन पिढ्यांना वाचनाची गोडी लावली, हे त्यांचे ऋण मान्य केलेच पाहिजे. परंतु झुंजार आणि काळापहाड ह्यांच्या जगात तपास म्हणजे शेवटच्या पानाकडे जाणारी सरळ वाट असते. शेवटच्या पानावर गुन्हेगार स्वतःच सारे सांगतो, आणि त्याचे सांगणे हेच पुराव्याचे पुरावेपण. रहस्यकथेत कबुली खोटी असत नाही, कारण ती खोटी निघाली तर पुस्तक संपणारच नाही. ह्या सवयीने आपण पुढे वर्तमानपत्रे वाचू लागतो. आरोपीने कबुली दिल्याची बातमी आली की आपल्या मनाने पुस्तक मिटलेले असते. उलट, १८७२ च्या पुराव्याच्या कायद्याने पोलीस अधिकाऱ्यापुढे दिलेली कबुली आरोपीविरुद्ध सिद्ध करण्यास मनाई केली होती, आणि २०२४ च्या १ जुलैपासून लागू झालेल्या नव्या साक्ष अधिनियमानेही ती मनाई कायम ठेवली आहे. कायदा येथे रहस्यकथाकारापेक्षा अधिक चांगला वाचक ठरला. अपवाद झाले ते दहशतवाद व संघटित गुन्हेगारी ह्यांसाठी केलेल्या विशेष कायद्यांत: १९८७ चा टाडा आणि महाराष्ट्राचा १९९९ चा मकोका. मकोकाच्या १८ व्या कलमाने पोलीस अधीक्षक वा त्याहून वरच्या दर्जाच्या अधिकाऱ्याने नोंदविलेला कबुलीजबाब न्यायालयात पुरावा म्हणून येऊ शकतो. जेथे कथेचा दाब सर्वांत अधिक, तेथेच कुंपण काढून घेतले गेले.

आता दोन संहिता शेजारी ठेवून पाहू. पहिली २६ नोव्हेंबर २००८ च्या हल्ल्याच्या खटल्याची. त्या हल्ल्यात १६६ माणसे मेली. दहा हल्लेखोरांपैकी नऊ मारले गेले, आणि अजमल कसाब गिरगाव चौपाटीवर जिवंत सापडला, तो तुकाराम ओंबळे ह्यांनी त्याच्या बंदुकीची नळी अखेरपर्यंत धरून ठेवली म्हणून. दोषारोपपत्र अकरा हजारांहून अधिक पृष्ठांचे होते. एवढा मोठा ग्रंथ पाहून दडपून जाण्याचे कारण नाही. त्यातील उत्तम भाग यादीचा आहे. 'कुबेर' ह्या मच्छीमार होडीवर काय मिळाले, किनाऱ्यावर लागलेल्या रबरी होडीवर काय मिळाले: दिशादर्शक यंत्र, उपग्रह-दूरध्वनी, जाकिटे, रोजच्या वापरातील किरकोळ जिनसा, यामाहा कंपनीचे इंजिन. प्रत्येक वस्तू एकटी मुकी आहे. पण इंजिनाच्या क्रमांकावरून ते पाकिस्तानात कोणाकडे गेले होते येथवर तपास पोचतो, तेव्हा ती बोलू लागते. आणि तिच्या तोंडी कोणी शब्द घातलेले नसतात. पंचनाम्याचे सामर्थ्य येथे दिसते. रेल्वे स्थानकावर वृत्तपत्रांच्या छायाचित्रकारांनी जीव धोक्यात घालून टिपलेली चित्रे आणि सीमेपलीकडून हल्लेखोरांना दूरध्वनीवर दिल्या जाणाऱ्या आज्ञांचे ध्वनिमुद्रण हीही त्याच जातीची. सर्वोच्च न्यायालयाने २९ ऑगस्ट २०१२ च्या निकालात ती संभाषणे विस्ताराने उतरविली आहेत. ती वाचताना अंगावर काटा येतो, तो कोणा लेखकाच्या शब्दकळेमुळे नव्हे. माणसे मारण्याच्या सूचना देणारा आवाज किती निवांत आणि घरगुती असू शकतो हे तेथे कळते.

कसाबच्या कबुलीजबाबाचेही पाहण्यासारखे आहे. तो पोलिसापुढे नव्हे, दंडाधिकाऱ्यापुढे, विचार करण्यास वेळ देऊन, फेब्रुवारी २००९ मध्ये नोंदविला गेला. पुढे २० जुलै २००९ रोजी त्याने भर न्यायालयात गुन्हा कबूल केला आणि डिसेंबरात ते सारे नाकारले. तरीही न्यायालयांनी दंडाधिकाऱ्यापुढील जबाब ग्राह्य मानला, कारण त्यातील गोष्टी वस्तूंशी, चित्रांशी आणि साक्षीदारांशी जुळत होत्या. संहिता एकटी उभी नव्हती.

परंतु ह्याच खटल्यात, ह्याच दोषारोपपत्रात, एक पान असे होते की ते न्यायालयाने बाजूला काढले. मारल्या गेलेल्या एका हल्लेखोराच्या विजारीच्या खिशात मुंबईतील स्थळांचा हाताने काढलेला नकाशा सापडला, आणि तो दोघा भारतीय आरोपींनी पुरविला, असे सरकारपक्षाचे म्हणणे. विशेष न्यायाधीश म. ल. ताहिलियानी ह्यांनी ३ मे २०१० रोजी कसाबला दोषी ठरविले आणि ह्या दोघांना सोडून दिले. त्यांनी केलेले निरीक्षण कोणत्याही पाठचिकित्सकाने हेवा करावा असे आहे. ज्या माणसाचे कपडे रक्ताने भिजले होते त्याच्या खिशातील कागदावर रक्ताचा डाग नव्हता. कागद चुरगळलेलाही नव्हता. उच्च न्यायालयाने २०११ मध्ये आणि सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये ही मुक्तता कायम केली. ज्या खटल्यात साऱ्या देशाचा संताप एकवटला होता, ज्यात मुख्य आरोपीविषयी शंकेला जागा नव्हती, तेथे न्यायाधीश एका स्वच्छ कागदापाशी थांबला. ह्याला मी वाचन म्हणतो. तो कागद का स्वच्छ राहिला असेल ह्याची कथा रचण्याचा मोह त्याने आवरला, हेही विशेष. कागद जे सांगत नाही ते त्याने कागदाकडून वदविले नाही.

दुसरी संहिता ११ जुलै २००६ च्या लोकलगाड्यांतील स्फोटांची. पश्चिम रेल्वेच्या पहिल्या वर्गाच्या डब्यांत अकरा मिनिटांत सात स्फोट झाले; १८० हून अधिक माणसे मेली, आठशेवर जखमी झाली. दहशतवादविरोधी पथकाने तपास केला, तेरा जणांवर खटला चालला. सप्टेंबर २०१५ मध्ये विशेष न्यायालयाने एकाला सोडले, बाराजणांना दोषी ठरविले, पाचांना फाशी व सातांना जन्मठेप दिली. दोषसिद्धीचा मोठा भार मकोकाखाली नोंदविलेल्या कबुलीजबाबांवर होता, आणि ते जबाब आरोपींनी नंतर नाकारले होते. २१ जुलै २०२५ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने बाराही जणांची शिक्षा रद्द केली. त्यांपैकी एकजण २०२१ मध्ये तुरुंगातच वारला होता. तीन दिवसांनी सर्वोच्च न्यायालयाने हा निकाल अन्य खटल्यांत आधार म्हणून वापरण्यास स्थगिती दिली, परंतु सुटलेल्यांना परत तुरुंगात पाठविले नाही. म्हणजे कायद्याच्या दृष्टीने ह्या संहितेवरील वाद त्या स्थगितीने पुन्हा वरच्या न्यायालयाच्या दारी गेला, हे ध्यानात ठेवूनच पुढचे म्हणावयाचे आहे.

उच्च न्यायालयाने त्या कबुलीजबाबांचे जे परीक्षण केले ते मला मराठी समीक्षेच्या विद्यार्थ्यांपुढे ठेवावेसे वाटते. जबाब वेगवेगळ्या आरोपींचे. नोंदविणारे पोलीस उपायुक्तही वेगवेगळे. तरीही त्यांतील काही भाग सारखेच, एकावरून दुसरा उतरवून घेतल्यासारखे, आहेत असे न्यायालयाला आढळले. जबाब अपुरे आहेत, ते मारहाणीच्या छायेत घेतले गेले असण्याचा संभव आहे, हेही न्यायालयाने म्हटले. पण सारखेपणाचा मुद्दा आपल्या व्यवसायाचा आहे.

शिक्षकांना तो समजावून सांगावयास नको. परीक्षेच्या दोन उत्तरपत्रिकांत एकच बरोबर उत्तर आले तर त्यावरून काही सिद्ध होत नाही. बरोबर उत्तर एकच असते. दोन्हींत एकच चमत्कारिक चूक, एकच अनावश्यक शब्द, एकाच जागी तुटलेले वाक्य आले, की परीक्षक लाल पेन्सिल उचलतो. हस्तलिखितांचे शास्त्र ह्याच अनुभवावर उभे आहे. एकनाथांनी शके १५०६ मध्ये ज्ञानेश्वरीचे पाठ शुद्ध केले तेव्हापासून आपल्याकडे हा विचार आहे, आणि सुकथनकरांनी महाभारताच्या संशोधित आवृत्तीसाठी त्याला शिस्तबद्ध रूप दिले. दहा पोथ्यांत एकच पाठ मिळाला म्हणून तो दहा वेळा सिद्ध झाला असे होत नाही. त्या दहाही एका पोथीवरून उतरविल्या असतील तर साक्ष एकच. म्हणून पाठचिकित्सक पोथ्या मोजत नाही, त्यांचे कूळ शोधतो. खरे बोलणाऱ्या दोन माणसांचे बोलणे तपशिलात जुळते आणि शब्दांत वेगळे पडते. एक म्हणेल 'पाऊस नुकता उघडला होता', दुसरा म्हणेल 'चिखल होता'. दोघेही एकाच वाक्यात बोलू लागले म्हणजे वाक्य त्यांचे नसते. त्या जबाबांमागे एकच आदर्श प्रत होती काय, हे मी येथे सांगू शकत नाही. पण ती असावी अशी शंका घेण्यास जागा आहे, हे कळण्यास कायद्याची पदवी लागत नाही. भाषेचा कान लागतो. २०१५ साली हेच जबाब एका विद्वान न्यायाधीशाला विश्वासार्ह वाटले होते, ही गोष्टही विसरता येत नाही. एकाच संहितेची ही दोन वाचने. त्यांपैकी दुसरे मला अधिक चिकित्सक वाटते. कारण ते मजकुराच्या आशयापाशी न थांबता त्याच्या घडणीपर्यंत जाते.

त्याच निकालातील आणखी एक निरीक्षण कथनाच्या अभ्यासकाला महत्त्वाचे वाटेल. आरोपींना पाहिल्याचे सांगणारे टॅक्सीचालक शंभराहून अधिक दिवस गप्प होते, आणि त्यानंतर त्यांनी चेहरे ओळखले. मुंबईच्या टॅक्सीत दिवसाला किती प्रवासी बसतात! रहस्यकथेत साक्षीदाराची स्मृती म्हणजे छायाचित्राची पेटी असते, उघडली की चित्र जसेच्या तसे. प्रत्यक्षात स्मृती ही स्वतःच एक लेखनक्रिया आहे. ती दर वेळी नवी प्रत काढते. स्फोटके नेमकी कोणत्या प्रकारची होती हेदेखील सरकारपक्ष सिद्ध करू शकला नाही, असे न्यायालय म्हणते. म्हणजे वस्तूंची यादी जेथे अपुरी पडली तेथे माणसांच्या तोंडचे शब्द भरीस घातले गेले. कसाबच्या खटल्याशी तुलना केली म्हणजे फरक ढळढळीत दिसतो. तेथे वस्तू आधी बोलल्या आणि जबाब त्यांच्या मागोमाग आला.

मालेगावविषयी थोडक्यातच लिहितो. ८ सप्टेंबर २००६ च्या तेथील स्फोटांचा तपास तीन यंत्रणांच्या हातून गेला, आणि राष्ट्रीय तपास यंत्रणेने मांडलेली कथा पहिल्या कथेशी इतकी विसंगत निघाली की प्रथम पकडलेल्या नऊ मुसलमान आरोपींना २०१६ मध्ये दोषमुक्त करावे लागले. २९ सप्टेंबर २००८ च्या स्फोटाच्या खटल्यात ३१ जुलै २०२५ रोजी सातही आरोपी सुटले. हे आरोपी हिंदू होते. दोन्ही वेळी आपापल्या पसंतीच्या आवृत्तीला सत्य मानणारे वाचक महाराष्ट्रात मुबलक होते. आरोपीचा धर्म पाहून संहितेची चिकित्सा कडक वा सैल करावयाची, ही आपल्या सुशिक्षितांची खोड आहे. सभासंमेलनांतून ती मी पुष्कळ ऐकली आहे.

ह्या साऱ्यावर मराठीत साहित्य म्हणून काय आले? फार थोडे. विजय तेंडुलकरांच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे' ह्या नाटकाने न्यायालयाची ठराविक वाक्ये खेळातदेखील माणसाचा बळी घेऊ शकतात हे दाखविले होते. त्या वाटेने पुढे कोणी गेले नाही. २६/११ नंतर जी पुस्तके निघाली त्यांपैकी विनिता कामटे ह्यांनी विनिता देशमुख ह्यांच्या साहाय्याने लिहिलेल्या 'टू द लास्ट बुलेट' (२००९) ह्या पुस्तकाचा उल्लेख केला पाहिजे. कामा रुग्णालयाजवळच्या गल्लीत हेमंत करकरे, अशोक कामटे व विजय साळसकर कसे मारले गेले, हे शोधण्यासाठी एका पत्नीने माहितीच्या अधिकाराखाली नियंत्रण कक्षाच्या बिनतारी संदेशांची नोंद मिळविली. पुस्तकाचा चरित्राचा भाग आपल्या गौरवग्रंथांच्या वळणाचा आहे. त्यात पतीविषयीचे प्रेम आहे, लेखनाचे वेगळेपण नाही. परंतु ती संदेशांची नोंद आली की गद्य बदलते. वेळ, ठिकाण, कोणी काय मागितले, कोणी काय उत्तर दिले. शोकाकुल बाई विशेषणे सोडून मिनिटे मोजू लागते, आणि त्या मोजण्यात जो शोक आहे तो आधीच्या शंभर पानांत नाही. तिच्या निष्कर्षांना संबंधित अधिकाऱ्यांनी निराळे उत्तर दिले आहे, आणि त्या वादाचा निर्णय करण्याची ही जागा नव्हे. वाङ्मयीन दृष्टीने नोंद घ्यावयाची ती ही की पोलिसांचाच कागद पोलिसाच्या विधवेने वाचला, आणि वाचता वाचता ती लेखिका झाली.

मुख्य तपासी अधिकारी रमेश महाले ह्यांनीही मराठीत '२६/११ : कसाब आणि मी' हे पुस्तक लिहिले आहे. ज्याला दोषारोपपत्रात केवळ हुद्द्याने उभे राहावे लागते त्याला शीर्षकात 'मी' म्हणावेसे वाटले, हे स्वाभाविक आहे. आपल्याकडे अधिकाऱ्यांची आत्मचरित्रे पुष्कळ निघतात. पण त्यांतून 'हा जबाब मी कसा लिहिला' हे सांगणारा अद्याप भेटावयाचा आहे.

दुसऱ्या बाजूचे पुस्तक मराठीत जन्मले नाही. लोकल स्फोटांच्या खटल्यातून २०१५ मध्ये निर्दोष सुटलेले अब्दुल वाहिद शेख हे मुंबईचे शाळामास्तर. नऊ वर्षांच्या तुरुंगवासात त्यांनी उर्दूत 'बेगुनाह क़ैदी' लिहिले. ते हिंदीतही आले. ते रसाळ पुस्तक नव्हे. ते कलमवार चालते, तारखा देते, कागदाला कागदाने उत्तर देते. नऊ वर्षे दोषारोपपत्राखेरीज दुसरे वाचन नसलेल्या माणसाच्या हाताला दोषारोपपत्राचेच वळण लागावे, ह्यात आश्चर्य नाही. त्यातील आरोपांनाही तीच कसोटी लावली पाहिजे जी पोलिसांच्या कागदांना. छळ सोसलेल्या माणसाची संहिता म्हणून ती चिकित्सेतून सुटत नाही. पण चिकित्सा करावयाची तर आधी वाचले पाहिजे. शेजारच्या भाषेतील, आपल्याच शहरातील एका शिक्षकाचे हे पुस्तक किती मराठी शिक्षकांनी हाती धरले आहे?

एका पक्षाचा ह्या गद्यात कोठेच आवाज नाही. ११ जुलैच्या संध्याकाळी जे घरी परतले नाहीत त्यांची नावे खटल्याच्या कागदांत आहेत: शवविच्छेदनाचे दाखले, ओळख पटविल्याचे पंचनामे, नातेवाइकांच्या चार ओळींच्या जबान्या. एकोणीस वर्षांनंतर सारे आरोपी सुटले तेव्हा ह्या कुटुंबांना काय वाटले ते वर्तमानपत्रांनी दोन दिवस छापले. चुकीच्या माणसाला शिक्षा झाली तर खरा गुन्हेगार मोकळा राहतो, हे सर्वांना पटते. पण त्याचा अर्थ असा की संहितेतील नक्कल ही मृतांचीही फसवणूक आहे. दोषारोपपत्र वाईट लिहिले गेले तर फिर्यादीचेच नुकसान सर्वांत मोठे, ही गोष्ट पोलीस प्रशिक्षणात सांगितली जात असेलच. भाषेच्या वर्गातही ती सांगता येईल.

आपल्या परिषदेने जुनी कागदपत्रे, महजर, करीने छापण्यास आजवर साहाय्य केले आहे. त्याच मालेत तपासाच्या गद्याचा एक वेचा टीपांसह निघावा असे मला वाटते. त्यात एखादा महजर असावा. हैमेंडॉर्फच्या आदिलाबादविषयक अहवालातील काही पाने आणि नकाशाच्या कागदासंबंधीचा ताहिलियानींचा परिच्छेद मराठीत उतरवून घ्यावा. कुबेर होडीवरील वस्तूंची यादी, सारख्या मजकुराच्या जबाबांविषयीचे उच्च न्यायालयाचे विवेचन, बिनतारी संदेशांच्या नोंदीची चार पाने, हेही घ्यावे. नावे झाकून घ्यावीत, निकाल अखेरचा नसेल तेथे तसे स्पष्ट म्हणावे. आणि ह्या सर्वांच्या आधी, पहिल्याच पानावर, एखाद्या तालुक्याच्या ठाण्यातला साध्या घरफोडीचा, कोणा हवालदाराने नीट अक्षरात लिहिलेला पंचनामा असावा.